सुताराचा शब्द आणि पंडिताचा तराजू

वसईच्या किल्ल्यांत एखाद्या रविवारीं जाऊन पाहावें. माणसांची मोठी वर्दळ असते. कोणी मुलांस चिमाजीआप्पांच्या पराक्रमाची गोष्ट सांगत असतो, कोणी पडक्या इगर्जीच्या कमानीखालीं उभा राहून छायाचित्र काढून घेत असतो. १५३४ सालीं गुजराथच्या बहादूरशहानें वसई पोर्तुगीजांस दिली आणि १७३९ सालीं मराठ्यांनीं ती घेतली, एवढा इतिहास पुष्कळांस पाठ आहे. परंतु मधल्या दोनशें पांच वर्षांत या कोटासाठीं ज्यांनीं चुना मळला, दगड घडविला, पालख्या वाहिल्या, त्यांच्याविषयीं कोणी चकार शब्द काढीत नाहीं. त्यांत आमच्या इकडचे गवंडी, पाथरवट, सुतार, कोळी होते. आणि पोर्तुगीज सरदारांच्या घरीं राबणारे, आफ्रिका खंडांतून जहाजांत कोंबून आणलेले काळे गुलामही होते. त्या बापड्यांचें नांव कोणत्याही दगडावर कोरलेलें नाहीं.

आज आम्ही आफ्रिकेची गोष्ट कां काढली, असें कोणी विचारील. कारण सांगतों. आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरील मोझांबिकचा कारभार १७५२ पर्यंत गोव्याच्या व्हाइसरॉयच्या हुकुमाखालीं चालत असे. वसई हें त्याच व्हाइसरॉयच्या उत्तर प्रांताचें मुख्य ठाणें. येथील गांवेंच्या गांवें पोर्तुगीज सरदारांस लावून दिलीं होतीं आणि कुळानें पिकवावें व सरदारानें कोटांतील वाड्यांत बसून खावें, असा रिवाज होता. म्हणजे वसईच्या वाडीवाल्याचा आणि मोझांबिकच्या शेतकऱ्याचा धनी दोनशें वर्षें एकच होता. तो धनी वसईंतून १७३९ सालीं गेला, गोव्यांतून डिसेंबर १९६१ मध्यें गेला, मोझांबिकमधून जून १९७५ मध्यें गेला. पण धनी गेला म्हणजे धन्यानें पेरलेली समजूतही गेली, असें होत नाहीं. शेत मोकळें झालें तरी हरळीचीं मुळें जमिनींत राहतातच. ती समजूत कोणती, हें नीट ओळखून घ्यावें यासाठीं हा लेख.

जर्मनींत इम्मॅन्युएल कांट नांवाचा तत्त्वज्ञ होऊन गेला. युरोपच्या अर्वाचीन तत्त्वज्ञानाचा तो मेरुमणि, असें विद्यापीठांतून शिकवितात; त्याची बुद्धि मोठी होती हें आम्हीही नाकारीत नाहीं. या कांटनें १७६४ सालीं सुंदर आणि भव्य यांविषयीं एक पुस्तक लिहिलें. त्यांत एका काळ्या सुताराची हकीकत आहे. एका पाद्र्यानें त्या सुतारास, तूं आपल्या बायकांशीं फार ताठ्यानें वागतोस, असा बोल लावला. सुतारानेंही उलट टोला दिला, आणि गोऱ्यांच्या घरांतील रीतच कशी वेडगळ आहे, हें त्यास सुनावलें. हें उत्तर वाचून, त्यांत विचार करण्याजोगें कांहीं असेल, अशी शंका कांटच्या मनांत क्षणभर आली. पण लगेच त्यानें निकाल देऊन टाकला. बोलणारा नखशिखांत काळा होता, तेव्हां त्याचें बोलणें मूर्खपणाचें असल्याचा आणखी पुरावा तो काय पाहिजे!

आम्हांस विचाराल तर तो सुतार चुकलाच होता. बायकोला दाबांत ठेवणें यांत कांहीं पुरुषार्थ नाहीं, हें जोतीराव आणि सावित्रीबाईंच्या देशांत सांगावयास नको. पण सुतार चुकला हें त्याच्या बोलण्याचा विचार करून ठरवावयाचें कीं त्याच्या कातड्याचा रंग पाहून? आमचा गांवचा सुतार फळी हातांत घेतो तेव्हां ती कोणाच्या रानांतली, हें विचारीत बसत नाहीं. तो तिच्यावर रंधा मारतो, गुण्या लावतो, एक डोळा मिटून कड पाहतो आणि मग ती सरळ कीं वाकडी हें सांगतो. पंडितानें मात्र गुण्या बाजूस ठेवला आणि रंगावरून फळी फेंकून दिली. ज्या पंडितानें जगास विचार कसा करावा हें शिकविलें, त्यानें एका सुताराचा शब्द न तोलतांच टाकला.

हा एकट्या कांटचा दोष असता तर आम्हीं शाई खर्चिली नसती. त्याच्या आधीं इंग्रजींत लिहिणाऱ्या डेव्हिड ह्यूमनें १७५३ सालीं आपल्या एका निबंधाला तळटीप जोडली आणि जमैका बेटावरील एका विद्वान काळ्या गृहस्थास चार शब्द पढविलेल्या पोपटाची उपमा दिली. त्यांच्या मागून हेगेल आला. त्यानें १८२२ पासून बर्लिन येथें जगाच्या इतिहासावर व्याख्यानें दिलीं. तीं त्याच्या मरणानंतर १८३७ सालीं छापून निघालीं. आफ्रिका जगाच्या इतिहासांत येतच नाहीं, असें सांगून त्यानें एक सबंध खंड दाराबाहेर ठेवला. हिंदुस्थानासही खरा इतिहास नाहीं, असेंच त्याचें मत होतें. म्हणजे दाराबाहेरच्या ओळींत आम्हीही उभेच होतों.

हीं मतें निपजलीं त्या काळांत युरोपचीं जहाजें काय वाहत होतीं, हेंही पाहिलें पाहिजे. अटलांटिक समुद्रापार नेण्यासाठीं सुमारें सव्वा कोटि आफ्रिकन माणसें जहाजांत घातलीं गेलीं, असा इतिहासकारांचा हिशेब आहे. तत्त्वज्ञांनीं व्यापाऱ्यांच्या सांगण्यावरून लिहिलें, असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु माणूस बाजारांत विकावयाचा तर तो आपल्यासारखा माणूस नव्हे, अशी मनाची समजूत आधीं घालून घ्यावी लागते. आणि ती घालून देणारा मोठा माणूस मिळाला तर कोणास नको असतो?

बरें, कांटला काळा विद्वान पाहावयासच मिळाला नव्हता म्हणावें, तर तेंही खरें नाहीं. अँटन विल्हेल्म अमो हा आजच्या घाना देशांतील आक्सिम गांवीं सुमारें १७०३ सालीं जन्मला. लहानपणींच त्यास डच कंपनीच्या जहाजांतून युरोपांत नेलें आणि एका जर्मन सरदाराच्या घरीं देऊन टाकलें. हा मुलगा शिकला. १७२७ सालीं हाले येथील विद्यापीठांत दाखल झाला. १७२९ सालीं युरोपांतील काळ्या लोकांच्या हक्कांवर त्यानें वाद मांडला. १७३४ सालीं विटेनबर्ग येथें मन आणि शरीर यांच्या संबंधावर त्याचा प्रबंध मान्य झाला. पुढें हाले आणि येना येथें त्यानें गोऱ्या मुलांस तत्त्वज्ञान शिकविलें. कांटच्या त्या पुस्तकाच्या तीस वर्षें आधींची ही गोष्ट, आणि तीही जर्मनींतलीच! पण दिव्याखालीं अंधार म्हणतात, तो हाच.

वाचकहो, हें सर्व वाचून तुम्हांस नवल वाटलें काय? आम्हांस तर वाटलें नाहीं. युरोपच्या पंडितांनीं कातड्याचा रंग पाहिला. आमच्या पंडितांनीं जात पाहिली. शूद्रानें वेद ऐकूं नये असें शास्त्र लिहिणाऱ्यांनीं, शूद्र काय बोलतो हें ऐकण्याची तसदी कधीं घेतली? तुकोबांच्या वह्या इंद्रायणींत बुडविण्याची पाळी आली असें परंपरा सांगते. ती कां आली? अभंग खोटे होते म्हणून नव्हे. ते कोणाच्या तोंडून निघाले, हें पाहिलें म्हणून. रोग एकच, गांव तेवढें निराळें. हें जोतीराव फुल्यांनीं फार आधीं ओळखलें. १८७३ सालीं त्यांनीं आपलें 'गुलामगिरी' हें पुस्तक अमेरिकेंतील ज्या भल्या लोकांनीं काळ्या गुलामांस सोडविलें त्यांस अर्पण केलें. पुण्यांत बसून, आफ्रिकेच्या माणसाचें दुःख आणि शूद्रातिशूद्रांचें दुःख एकाच मापानें मोजणारा तो माणूस माळ्याच्या घरीं जन्मला होता.

मग युरोपचीं सगळीं पुस्तकें समुद्रांत बुडवावीं काय? मुळींच नव्हे. तसें केलें तर वह्या बुडविणारांत आणि आमच्यांत फरक तो काय राहिला? जोतीरावांनीं टॉमस पेन या इंग्रजी ग्रंथकाराचें मानवी हक्कांवरील पुस्तक वाचलें आणि त्याचा उपयोग करून घेतला. पेन गोरा म्हणून तें टाकलें नाहीं. १७८९ सालीं फ्रान्सनें माणसाचे हक्क जाहीर केले, आणि त्याच फ्रान्सच्या ताब्यांतील हैती बेटावरील गुलामांनीं ते शब्द खरे मानून बंड केलें व १८०४ सालीं आपलें राज्य स्थापिलें. एवढेंच काय, खुद्द कांटनें १७८४ सालीं एका निबंधांत सांगितलें, कीं माणसानें दुसऱ्याच्या ओंजळीनें पाणी पिऊं नये, स्वतःची बुद्धि वापरण्याचें धैर्य धरावें. शब्द सोन्याचे आहेत. ते आम्ही घेतों. फक्त ते त्या सुतारासही लागू करतों, जें कांटनें केलें नाहीं. हत्यार कोणाच्या भट्टींत घडलें यापेक्षां धार कशी आहे, हें पाहावें.

आतां आफ्रिकेच्या विद्वानांनीं या प्रश्नाचा निकाल कसा लावला तें पाहूं, कारण आम्हांस शिकण्याजोगें तेथें पुष्कळ आहे. १९४५ सालीं प्लासिड टेम्पेल्स नांवाच्या बेल्जियन पाद्र्यानें कांगोंतील बांटू लोकांच्या तत्त्वज्ञानावर पुस्तक लिहिलें. आफ्रिकेंतही तत्त्वज्ञान आहे, असें एका गोऱ्यानें कबूल केलें म्हणून कित्येकांस आनंद झाला. पण बेनिन देशाचे पोलिन हूंतोंजी यांनीं पुढें चांगलीच हजेरी घेतली. त्यांचें म्हणणें थोडक्यांत असें: सबंध जमातीचें मिळून एकच तत्त्वज्ञान, तेंही तिला न कळतां तिच्या रीतिरिवाजांत दडलेलें, हें काय गौडबंगाल आहे? विचार म्हणजे कोणी एका माणसानें केलेला, दुसऱ्यानें खोडलेला, तिसऱ्यानें सुधारलेला. रूढीला तत्त्वज्ञान म्हटलें कीं माणसाला विचार करण्याची जरूरच उरत नाहीं.

ही गोष्ट आमच्या मनास फार पटते. पूर्वजांचें सगळेंच सोनें, असें म्हणणारे आपल्याकडे थोडे नाहींत. भटानें सांगितलेली रूढि टाकावी आणि आपल्या जातीची रूढि मात्र डोक्यावर घेऊन नाचावें, हा कोठला न्याय? आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचें तें कार्टें, हाच तो.

केनियांतील हेन्री ओडेरा ओरुका (१९४४–१९९५) यांनीं याच्या पुढची वाट काढली. ते विद्यापीठ सोडून खेड्यांपाड्यांतील जाणत्या म्हाताऱ्यांकडे जाऊन बसले. ईश्वर, मरण, न्याय, बाईपुरुषाची बरोबरी यांविषयीं त्यांनीं त्यांस प्रश्न विचारले आणि उत्तरें त्यांच्याच नांवानें लिहून ठेविलीं. १९९० सालीं त्याचें पुस्तक निघालें. त्या जाणत्यांत ओरुकांचे स्वतःचे वडीलही होते. ओरुकांनीं त्यांत दोन प्रती केल्या. एक म्हातारा गांवची रीत तंतोतंत सांगतो आणि तेथेंच थांबतो. दुसरा रीत सांगतो, आणि ती कोठें चुकते व कां चुकते, हेंही सांगतो. यांतील दुसऱ्यास त्यांनीं तत्त्वज्ञ म्हटलें. त्यासाठीं लिहितां वाचतां येण्याची अट घातली नाहीं. आपल्या गांवांतला असा दुसरा म्हातारा, किंवा म्हातारी, कोण, हें प्रत्येक वाचकानें मनांत आठवून पाहावें.

घानांतील क्वासी विरेडू (१९३१–२०२२) यांनीं भाषेचा मुद्दा काढला. परकी भाषेंत शिकलेला माणूस त्या भाषेचे प्रश्नही आपलेच समजूं लागतो. म्हणून प्रत्येक मोठा विचार आपल्या बोलींत घालून पाहावा, असें ते सांगत. उदाहरण ऐका. देकार्त या फ्रेंच तत्त्वज्ञानें १६३७ सालीं मांडलें, कीं सगळ्या जगाविषयीं शंका घेतली तरी शंका घेणारा मी आहें, हें निश्चित. आणि या 'मी'ला असण्यासाठीं शरीराची किंवा जागेचीही गरज नाहीं. पण विरेडूंच्या आकान भाषेंत असणें म्हणजे कोठेंतरी असणें. 'मी आहें' म्हटलें कीं ऐकणारा विचारणार, 'कोठें?' ठिकाण नसलेला 'मी' त्या भाषेंत नीट बोलतांच येत नाहीं. आमच्याकडेही दारांत उभें राहून 'बाबा आहेत का?' असें विचारतात तेव्हां 'घरांत आहेत का' असाच अर्थ असतो. देकार्त चुकला असें एवढ्यानें ठरत नाहीं. पण जो प्रश्न साऱ्या मनुष्यजातीचा म्हणून शिकविला, त्याचा कांहीं भाग एका भाषेच्या घडणींतून तर आला नाहीं ना, ही शंका घेण्याचा अधिकार आपल्या बोलीनें मिळतो.

राज्यकर्त्यांस हें फार चांगलें ठाऊक असतें. १६१६ सालीं फादर स्टीफन्स यांनीं गोमंतकांत मराठींत 'ख्रिस्तपुराण' रचिलें. परक्या देशांत जन्मलेल्या धर्मगुरूस येथल्या लोकांची भाषा गहन विचारास पुरेशी वाटली. पण १६८४ सालीं गोव्याच्या व्हाइसरॉयनें हुकूम काढला, कीं एतद्देशीयांनीं तीन वर्षांच्या आंत आपली भाषा सोडून पोर्तुगीज बोलावें. आज असा हुकूम काढणारा कोणी नाहीं. तरी वसईंत सामवेदी, वाडवळी, कोळी, आगरी, वारली बोलणारा मुलगा शाळेंत तोंड उघडण्यास कां लाजतो? घरीं आईच त्यास 'तसें बोलूं नको, लोक हसतील' असें कां सांगते? व्हाइसरॉय केव्हांच गेला. त्याचा हुकूम आम्हीच चालवितों. सोपाऱ्यास तर अशोकाच्या शिलालेखाचा तुकडा १८८२ सालीं सांपडला, तो संस्कृतांत नव्हे, त्या काळच्या लोकांच्या प्राकृतांत कोरलेला आहे. एवढ्या मोठ्या राजास लोकभाषेची लाज वाटली नाहीं. आणि त्याच सोपाऱ्यांतील स्तूपाच्या टेकाडास लोकांनीं नांव दिलें तें बुरूड राजाचा कोट! टोपल्या विणणाराही राजा असूं शकतो, एवढें तरी लोकांच्या जिभेला कळत होतें.

आतां आपल्या पायाखालचें पाहूं. वसईच्या वाड्यांत बावखलें आहेत. होतीं असें म्हणण्याची पाळी लवकरच येईल. बावखल म्हणजे वाडींत खणलेलें रुंद व उथळ तळें. पावसाचें पाणी त्यांत सांठतें, जमिनींत मुरतें, आणि त्याच पाण्यावर केळी, पानवेल, मोगरा, भाजीपाला पोसला जातो. समुद्रकांठच्या रेताड जमिनींत गोडें पाणी हलकें म्हणून खाऱ्या पाण्यावर तरंगत राहतें. समुद्राच्या पातळीवर गोड्या पाण्याची उंची १ फूट असेल तर खालीं तें सुमारें ४० फूट असतें. आणि वरचें उपसून कमी केलें कीं खालचें खारें पाणी त्याच मानानें वर चढतें. हा नियम हॉलंडचे बादोन खायबेन यांनीं १८८८ सालीं व जर्मनीचे हर्झबर्ग यांनीं १९०१ सालीं, आपल्या इकडच्यासारख्याच वाळूच्या किनाऱ्यांचा अभ्यास करून मांडला. पुस्तकांत त्यांचें नांव लागलें तें योग्यच. त्यांनीं मोजलें व लिहिलें. पण आमच्या वाडीवाल्यानें खोल न जातां उथळ व रुंद खणावें, पावसाचें पाणी तेथेंच जिरवावें, ही रीत धरली ती कां धरली, हें त्यास कोणी विचारलें? त्यानें लिहिलें नाहीं आणि इतरांनीं विचारलें नाहीं.

परिणाम काय झाला? अडाण्याचा खड्डा म्हणून बावखलांत राडारोडा पडला आणि वर इमारत उभी राहिली. टँकरांनीं पाणी उपसून नेलें, आणि कित्येक विहिरी खाऱ्या झाल्या. जुलै २०१८ मध्यें वसई, नालासोपारा, विरार पाण्यांत बुडाले, रेल्वे बंद पडली, लोक दिवसचे दिवस अंधारांत बसले. पाणी जिरण्याच्या आणि वाहून जाण्याच्या जागा भरून टाकल्यावर तें घरांत शिरणारच. एका सुताराचा शब्द न तोलतां टाकला तर पुस्तकाचें एक पान बिघडतें. गांवच्या शेतकऱ्याचा शब्द न तोलतां टाकला तर सबंध तालुक्याचें पाणी बिघडतें. आणि खरें बोलावयाचें तर बावखल भरून टाकणारे सगळेच परके नव्हते. कित्येकांनीं आपल्याच आज्याचें शहाणपण जुनाट म्हणून स्वतःच्या हातानें बुजविलें.

शेवटीं एक कडू गोष्ट. नालासोपाऱ्यांत आज आफ्रिकेंतून आलेले कांहीं लोक राहतात. त्यांच्यापैकीं कोणी गुन्हा केला तर पोलीस आहेत, न्यायालय आहे. पण काळा दिसला कीं खोली नाकारणें, रस्त्यांत त्याच्या मागें 'हबशी' म्हणून ओरडणें, मुलांनीं हंसणें व बापानें तें पाहून गप्प राहणें, हें काय आहे? ही तर कांटचीच गादी आम्ही चालवीत आहों! हबश म्हणजे इथिओपिया. तेथला तो हबशी. तेथून गुलाम म्हणून विकला गेलेला मलिक अंबर निजामशाहीचा कर्ता पुरुष झाला, १६१० च्या सुमारास त्यानें खडकी शहर वसविलें, त्यास नहरीनें पाणी आणलें, आणि जमिनीची पाहणी करून साऱ्याची जी पद्धत बसविली तिची आठवण महाराष्ट्राच्या शेतकऱ्यांत पुढें पिढ्यान्पिढ्या राहिली. शिद्दी हा शब्द तर 'माझे स्वामी' अशा मानाच्या अरबी शब्दावरून आला. ज्यांचें पाणी आम्ही प्यालों त्यांच्या नांवाची आम्हीं शिवी केली.

तेव्हां आमचें सांगणें एवढेंच. या पावसाळ्यांत, कामें थोडीं कमी होतील तेव्हां, शिकणाऱ्या मुलानें किंवा मुलीनें एक वही घेऊन घरच्या आजीजवळ, आळींतल्या सुताराजवळ, वाडींतल्या म्हाताऱ्याजवळ बसावें. बावखल येथेंच कां खणलें? होडीला हेंच लांकूड कां? अमुक रीत कां चालली आणि तुम्हांस ती पटते का? असे प्रश्न विचारावे, उत्तर त्यांच्याच बोलींत, त्यांच्याच नांवानें लिहावें. पटलें नाहीं तर तोंडावर सांगावें आणि त्यांचें उलट उत्तरही लिहावें. शिक्षकांनीं त्या वह्या वर्गांत वाचून दाखवाव्या आणि त्यांच्याशेजारीं कांट, पेन, फुले, विरेडू यांचींही नांवें फळ्यावर लिहावीं. कोणाचाही शब्द तोंड पाहून उचलूं नये. तोंड पाहून टाकूंही नये. गुण्या सर्वांना एकच लावावा. आणि तो गुण्या दुसऱ्यानें आणून द्यावा म्हणून वाट पाहण्याचें कारण नाहीं. तो सुताराच्या घरांत आधींपासूनच खुंटीला टांगलेला आहे.